पोटमाळ्यावरचा पेंग्विन

नवा संगणक घरात आला की लोक त्याला हार घालतात, कीबोर्डवर हळदकुंकवाची बोटं उमटवतात आणि जोडणी करणाऱ्याच्या हातावर पेढा ठेवतात. त्याच संगणकातून काही काढायला बोलावलेल्या माणसाला साधं पाणी मिळायची मारामार. मी दोन्ही कामं केली आहेत. दादरच्या एका कॉलेजात संगणकाच्या लॅबमध्ये माझी नोकरी झाली. निवृत्त झाल्यावर घरी बसवेना, म्हणून परळ, लालबाग, काळाचौकी, गिरगाव या पट्ट्यात घरोघरी जाऊन संगणक दुरुस्त करू लागले. तेव्हा लक्षात आलं की माझ्या वयाच्या बाईला नवीन काही बसवायला कोणी बोलावत नाही. त्यासाठी चुणचुणीत पोरं असतात. मला बोलावतात ते काढायला.

दार उघडल्यावर पहिला प्रश्न ठरलेला. "मिस्टर नाही आले?" मी सांगते, "आमच्या मिस्टरांना मिक्सरचं भांडं बसवता येत नाही. तुम्हाला काम हवंय की मिस्टर?" यानंतर सहसा चहा मिळतो.

काढणं म्हणजे काय, हे लोकांना नीट ठाऊक नसतं. गिरगावातले एक निवृत्त बँक अधिकारी पडद्यावरचं चित्र उचलून कचऱ्याच्या डब्यात टाकायचे आणि म्हणायचे, "हा प्रोग्राम मी काढून टाकलेला आहे, तरी मशीन स्लो का?" त्यांना मी समजावलं की दाराबाहेरच्या चपला उचलल्या म्हणजे पाहुणा गेला असं होत नाही, तो आत सोफ्यावरच आहे. ते आठवडाभर माझ्यावर रागावले आणि मग त्यांनी स्वतःच्या मेहुण्याचा संगणक माझ्याकडे पाठवला. दादरच्या एका क्लासवाल्या सरांचं उलट. त्यांना संगणकात आपण न मागता आलेली एकही वस्तू नको होती. "हे काय आहे? मी मागवलं होतं का? काढा." मी म्हटलं, सर, याच्यावर दुसरं काही अवलंबून असेल. ते म्हणाले, "काढा." काढलं. त्यांच्या जुन्या प्रश्नपत्रिका उघडायच्या बंद झाल्या. मग तीच वस्तू मी परत बसवून दिली, आणि सरांनी विद्यार्थ्यांसमोर सांगितलं की मॅडमनी काहीतरी गडबड केली होती, ती मी दुरुस्त करून घेतली. घेवोत बापडे.

एकूण काय, काढताना माझा एकच नियम. आधी चढून बघायचं, मग काढायचं. हा नियम ज्या प्रकरणाने मला खऱ्या अर्थाने शिकवला ते सांगण्यासाठीच हा सगळा प्रपंच, पण त्याआधी यंत्राबद्दल थोडं सांगावं लागेल. घाबरू नका, थोडंच आहे.

आपला नेहमीचा विंडोजचा संगणक म्हणजे चाळीतली खोली समजा. त्या खोलीत पोटमाळ्याची सोय बांधतानाच करून ठेवलेली असते. ज्याला गरज असेल त्याने फळ्या टाकून घ्याव्यात, नसेल त्याने वर बघूसुद्धा नये. फळ्या टाकल्या की वर लिनक्स नावाचं दुसरं बिऱ्हाड राहायला येतं. त्याची भाषा वेगळी, कायदे वेगळे, बरंचसं काम चित्रांवर बोट न ठेवता शब्द टाइप करून सांगायचं. प्रोग्राम लिहिणारी मंडळी हौसेने वर राहतात. या बिऱ्हाडाची खूण म्हणजे पेंग्विन. खाली राहणाऱ्या आईवडिलांना वर काय चाललंय याचा पत्ता नसतो. जागा मात्र खालचीच जाते.

हे बिऱ्हाड हलवायचं तर क्रम असतो. आधी वरचं सामान काढायचं, मग फळ्या, मग शिडी. पुष्कळ लोक आधी शिडी काढतात. म्हणजे सेटिंगमध्ये जाऊन त्या सोयीपुढची खूण काढून टाकतात आणि खूश होतात. वर जाण्याची वाट बंद होते, सामान होतं तिथेच राहतं आणि जागा अडलेली ती अडलेलीच. आणि सामान काढण्याची जी आज्ञा आहे, ती एका ओळीची. एरवी साधं पत्र पुसताना 'नक्की पुसू ना?' म्हणून विचारणारा संगणक इथे काहीच विचारत नाही. ओळ लिहिलीत, एंटर दाबलंत, की वरचं सगळं गेलं. कचऱ्याच्या डब्यातही सापडत नाही.

आता परब मावशी.

त्यांचा फोन आला तो सकाळी. "मॅडम, काळाचौकीतसून परब बोलतंय. आमच्या कंप्युटरात झिलान लिनक्स घातल्यान हा. तेवढा ता वाढवून दी गो बाय."

मुलाने घातलेलं लिनक्स वाढवून हवंय, असा मी सरळ अर्थ घेतला. मालवणी मला चांगली कळते. नायगावच्या ज्या चाळीत मी वाढले तिथे अर्धा मजला सिंधुदुर्गातलाच होता. मनात म्हटलं, वा, सत्तरीची बाई लिनक्सला जागा वाढवून मागते. माझ्या कॉलेजातल्या प्राध्यापकांना हा शब्द उच्चारताना घाम फुटायचा.

परबांची खोली दुसऱ्या मजल्यावर. दार उघडंच. खिडकीजवळ कॉटवर परब काका झोपलेले. कॉटला लागून टेबल, त्यावर संगणक चालू. काकांच्या डाव्या हाताशी आकड्यांचा एक छोटा कीबोर्ड वायरने जोडलेला होता आणि त्याच्या बटणांवर रंगीत कागद चिकटवलेले होते. नातवंडांचा काही खेळ असेल असं मला वाटलं. मावशींच्या हातात पिशवी होती. बारीक अंगाची, कपाळावर ठसठशीत कुंकू, आणि कायम कुठेतरी निघालेली बाई.

"तू बस. माका वाईच बाजारात जावचा आसा. तेंका उठवू नको. ता वाढव तेवढा."

त्या गेल्या आणि मी कामाला लागले. संगणक खरोखरच तुंबलेला होता. पोटमाळ्यावरच्या पेंग्विनने निम्म्याहून अधिक घर खाल्लं होतं. तरी गिऱ्हाईक म्हणतं वाढव, तर वाढव. मी त्याला आणखी जागा दिली, संगणकाच्या मेमरीतला मोठा वाटाही त्याच्याच नावावर केला. मावशी परत आल्या, त्यांनी मला कोकम सरबत दिलं आणि पदराला हात पुसत विचारलं, "झाला?"

"झालं."

"सगळा वाढवलंस?"

"जेवढं वाढवता येतं तेवढं सगळं."

त्यांनी संगणकाला हलकेच हात लावला आणि तोच हात कपाळाला लावला. त्यांचे डोळे भरून आले होते. संगणकावर इतकी माया करणारी बाई मी पहिल्यांदा बघत होते. घरी जाऊन मिस्टरांना कौतुकाने सांगितलंसुद्धा.

दुसऱ्या दिवशी परत फोन. "बाय, काल काय केलंस गो? मशीन बसलाच. भाचो येवन बगून गेलो. तो म्हणता, लिनक्स खंय गेलो? थंयच आसा, आणि आदीपेक्षा जाडो झालो हा."

"मावशी, तुम्हीच म्हणालात ना वाढवा म्हणून?"

"मगे? वाढव म्हटलंय तर वाढवूचा नाय?"

आम्ही दोघी काही वेळ फोनवर एकमेकींना तेच वाक्य ऐकवत राहिलो. मग माझ्या डोक्यात हळूहळू उजेड पडला.

ज्यांना हे नवीन असेल त्यांच्यासाठी सांगते. जुन्या वळणाच्या हिंदू घरांत बांगडी फुटली असं म्हणत नाहीत, वाढवली म्हणतात. मंगळसूत्र तुटत नाही, वाढतं. देवापुढे नारळ फोडत नाहीत, वाढवतात. मोडणं, तुटणं, संपणं हे शब्द घरातल्या माणसांना लागू नयेत म्हणून केलेली ही सोय. आमचं घर बौद्ध. शकुन-अपशकुन माझ्या आईने उंबऱ्याबाहेर ठेवले होते आणि त्यांच्याबरोबर असले आडपडद्याचे शब्दही. आमच्याकडे बांगडी फुटली की फुटली, आणि काचा वेचताना बोट कापलं तर वर दोन शब्द ऐकायचे. चाळीत शेजारपाजारी वाढवणं ऐकलं होतं, पण ते बांगडीपुरतं. लिनक्सलाही कोणी वाढवेल हे माझ्या स्वप्नात नव्हतं.

मी त्याच दिवशी पुन्हा काळाचौकीला गेले. मावशी दारातच उभ्या होत्या, जराशा रुसलेल्या.

"साफ काढ म्हणायचं होतं ना मावशी," मी म्हटलं.

"कसा म्हणू?" त्या म्हणाल्या. "झिलान आपल्या हातान घातलेला. तो थंय परमुलखात. तेचा काय घरात आसा ता काढून टाक, असा आवशीन तोंडातसून काढूचा? तुका झिल आसा काय गो?"

"मुलगी आहे."

"मगे तुका कळाक व्हया."

मला हसू आलं होतं ते गिळलं. त्यांचा महेश नोकरीसाठी जर्मनीत होता, वर्षातून एकदा यायचा. मागच्या खेपेला आला तेव्हा तो या टेबलाशी बसून दिवसचे दिवस काहीतरी करत होता आणि जाताना एवढंच सांगून गेला होता की हे मशीन बंद करू नका. आता मशीन इतकं हळू झालं होतं की त्याचा व्हिडिओ कॉल लावला तर चेहरा अर्धवट दिसायचा आणि तिथेच अडकायचा. अडकलेला मुलगा बघून मावशींना रात्रभर झोप लागत नसे. म्हणून भाच्याने सुचवलं, हा लिनक्स काढा, मोकळं होईल. मुलगा नीट दिसावा म्हणून मुलाची वस्तू काढायची, असा तो पेच होता.

मी म्हटलं, ठीक आहे, काढू. त्या आत चहा ठेवायला गेल्या. कालचा माझा पराक्रम आधी परत घ्यायचा होता, त्यासाठी पेंग्विनला थांबवणं भाग होतं. थांबवणं म्हणजे काढणं नव्हे, नुसतं झोपवणं. मी एक ओळ लिहिली. वरचं बिऱ्हाड शांत झालं.

तेवढ्यात माझ्या मागे टक् असा आवाज आला. पाहिलं तर काका जागे होते. त्यांच्या डाव्या हाताचं बोट त्या छोट्या कीबोर्डच्या लाल बटणावर होतं. त्यांनी पुन्हा दाबलं. टक्. काहीच झालं नाही. त्यांनी माझ्याकडे पाहिलं, पडद्याकडे पाहिलं, निळं बटण दाबलं, पिवळं दाबलं, परत लाल. मग सगळ्या बटणांवर तळहात आपटायला लागले. तोंड उघडत होतं, पण त्यातून शब्द येत नव्हता, नुसता घशातला घरघरता आवाज. माणूस बुडताना हातपाय मारतो तसं त्यांचं चाललं होतं आणि मी खुर्चीत बसून बघत होते, कारण मला काहीच कळत नव्हतं.

मावशी धावत आल्या. "काय झाला? बटन चालना नाय?" त्यांनी स्वतः दाबून बघितलं. "अरे देवा. ह्यात झिलाचो आवाज आसा गो."

मग मला कळलं. काकांना झटका येऊन गेला होता. उजवं अंग गेलं आणि त्याबरोबर बोलणंही. कळायचं सगळं, पण जिभेवर शब्द येत नसे. महेश तेव्हाच सुटी काढून आला होता. त्याने ही बटणं लावली आणि प्रत्येक बटणामागे स्वतःच्या आवाजात एकेक वाक्य भरलं. मावशींची समजूत अशी की तो आवाज त्या बटणांत राहतो. तो खरा राहत होता पोटमाळ्यावर. महेशचा हात लिनक्सवर बसलेला, म्हणून त्याने सगळी मांडणी वरच केली होती आणि ते कोणाला सांगायची गरज त्याला वाटली नव्हती.

मी पेंग्विनला उठवलं, महेशचा प्रोग्राम पुन्हा चालू केला आणि काकांना खूण केली. त्यांनी भीत भीत लाल बटण दाबलं. खोलीभर एका तरण्या मुलाचा आवाज घुमला. "आये, वाईच हयसर ये गो."

काकांनी डोळे मिटून घेतले. त्यांचा श्वास जागेवर यायला बराच वेळ लागला. मावशी त्यांच्या छातीवरून हात फिरवत होत्या, आणि फिरवता फिरवता हसायला लागल्या.

"बगलंस? एरवी 'अगो' म्हणणारो घोव माका आये म्हणान हाक मारता. साऱ्या चाळीक म्हायत आसा."

खरंच होतं ते. आवाज मुलाचा, म्हणजे हाकही मुलाची. पाणी हवं असलं की "आये, पाणी दी", कूस बदलायची असली की "आये, वाईच परत". गेलं वर्षभर परब काका आपल्या बायकोशी मुलाच्या तोंडाने बोलत होते.

त्या दिवशी मी लिनक्स काही काढलं नाही. महेशला निरोप धाडला, त्याने फोन केला आणि आम्ही दोघांनी मिळून त्याचे वरचे जुने उद्योग वेचून वेचून बाहेर काढले, आवाजाला हात न लावता. पोटमाळा आवरल्यावर खोली मोकळी झाली. व्हिडिओ कॉलवर महेश पूर्ण दिसायला लागला. मला मात्र घरी जाताना धास्ती वाटत राहिली. वर चढून बघण्याचा माझा नियम होता, हे खरं. पण वर जाऊन मला काय दिसलं असतं? एक दोन तीन अशी नावं दिलेल्या बारक्या बारक्या फायली. मुलाचं काहीतरी जुनं सामान, असं म्हणून मी ती ओळ लिहिली असती. तेव्हापासून काढायच्या आधी मी नुसती संगणकात चढून बघत नाही, घरातल्या माणसांशेजारी बसते. कोण काय दाबतं, कशाने काय होतं, ते बघते. वेळ जातो. लोक म्हणतात मॅडम गप्पा फार मारतात.

पुढे काही महिन्यांनी महेशचाच फोन आला. "मॅडम, आता खरंच काढायचंय."

मी घाबरून विचारलं, "बाबा?"

"बाबा मस्त आहेत. तोच प्रॉब्लेम आहे." तो परळच्या इस्पितळातल्या बाईंबद्दल सांगू लागला. त्या काकांकडून बोलण्याचे व्यायाम करून घेत. तिथे काका 'मा', 'बा' म्हणू लागले होते, एकदा आपलं आडनावही म्हणाले. घरी आले की पुन्हा बटण. बाईंचं म्हणणं, दिवसातला काही वेळ तरी बटण बाजूला ठेवा, शब्द शोधायला त्यांना जरा अडू द्या. "पण आई ऐकत नाय ना. बंद करते आणि तासाभराने स्वतःच चालू करते."

"तुम्ही समजावून सांगा."

"सांगितलं. तीच म्हणाली, त्या मॅडमला बोलव आणि मुळातूनच काढायला सांग." मग म्हणाला, "मला पण कसंतरीच वाटतंय. पण काढा."

मी गेले तेव्हा दुपार होती. काका कॉटवर उशीला टेकून बसले होते, पूर्वीपेक्षा तजेलदार. मला बघून त्यांनी डावा हात उचलला. मावशी स्टूल घेऊन माझ्याशेजारी बसल्या. त्या दिवशी त्या कुठेही निघालेल्या नव्हत्या.

"तुम्हाला खरंच काढायचंय ना?" मी विचारलं.

"माका खंय काढूचा आसा?" त्या म्हणाल्या. "पण माझ्या हाताक आवर नाय, बाय. बटन बंद केला की घर कसा गप होता. हे माझ्याकडे बगीत ऱ्हवतत. मगे माका वाटता, एकदाच लावया. लावलंय की 'आये' म्हणता. दिवसातसून धा वेळा झिल माका हाक मारता, गो. तो हयसर होतो तेव्हा दोन वेळा मारी नाय."

काकांची जीभ सुटायला हवी, त्यासाठी त्यांच्या कानावरचा मुलाचा आवाज जायला हवा. ते सगळं मावशींना माझ्यापेक्षा चांगलं कळत होतं. कळूनही हात पुढे होत होता, एवढंच.

मग मला सुचली ती माझ्या धंद्यातली युक्ती. म्हटलं, "मावशी, आवाज जायची गरज नाही. मी ती सगळी वाक्यं पेनड्राइव्हवर उतरवून देते. कपाटात ठेवा. वाटलं तेव्हा ऐका."

मी मोठ्या उमेदीने पेनड्राइव्ह बाहेर काढला होता. मावशींनी तो हातातही घेतला नाही.

"नको," त्या म्हणाल्या. "माझो झिल जितो आसा. जित्या माणसाचो आवाज डबीत घालून कपाटात कित्याक ठेवू? तेका आयकाचा वाटला तर फोन करीन. कामात आसलो तर रागावतलो. रागावंदे."

मी पेनड्राइव्ह पर्समध्ये परत टाकला. इतकी वर्षं मी लोकांना सांगत आले की काढण्याआधी एक प्रत ठेवा, प्रत ठेवा. ते चूक नाही, अजूनही सांगते. पण प्रत कशाची ठेवायची नसते, हे मला कोणी सांगितलं नव्हतं.

"मगे मी काय करू?" मावशींनी विचारलं. "नारळ आणू काय?"

"काही नको. एकदा त्यांना सांगा मात्र."

त्या उठून काकांजवळ गेल्या, कीबोर्ड उचलून त्यांच्या मांडीवर ठेवला आणि त्यांच्या कानाशी वाकून काही म्हणाल्या. काकांनी एकेक बटण दाबलं. पाणी दी. चाय व्हयी. पंखो कमी कर. वाईच परत. शेवटी लाल. "आये, वाईच हयसर ये गो." मावशी तिथेच उभ्या होत्या, तरी आणखी एक पाऊल पुढे झाल्या. मी पडद्याकडे बघत बसले, कारण त्या दोघांकडे बघणं मला जमेना.

मग मी ती एका ओळीची आज्ञा लिहिली. शब्द नीट तपासले. बोट एंटरवर ठेवलं आणि मावशींकडे बघितलं. त्यांनी मान हलवली. संगणक नेहमीप्रमाणे काही न विचारता कामाला लागला आणि बघता बघता मोकळा झाला. त्यानंतर फळ्या काढल्या, म्हणजे लिनक्सचा बाकीचा संसार उतरवला. मग शिडी, म्हणजे विंडोजच्या सोयींच्या यादीत जाऊन त्यापुढची खूण काढली. संगणक बंद होऊन परत चालू व्हायला लागला. पडदा काळा झाला.

मावशी म्हणाल्या, "चाय ठेवतंय," आणि आत गेल्या. त्यांना चहा करायचा नव्हता हे मला कळत होतं. स्वयंपाकाच्या ओट्याशी भांड्यांचा आवाज येत राहिला.

काकांनी सवयीने लाल बटण दाबलं. टक्. मी मुद्दाम त्यांच्याकडे पाहिलं नाही. पुन्हा टक्. मग बराच वेळ काहीच नाही. मागच्या वेळचं ते तळहात आपटणं डोळ्यांसमोर आलं. उठावं का, पाणी विचारावं का, असं मनात आलं, पण त्या इस्पितळातल्या बाईंचं म्हणणं आठवलं आणि मी खुर्चीच्या दांड्या धरून बसून राहिले. काकांचा श्वास ऐकू येत होता. ओठ एकमेकांवर आपटल्याचा आवाज. एकदा 'अ'. मग खोल कुठूनतरी, जाडाभरडा, गंज चढलेला, म्हाताऱ्या माणसाचा आवाज आला.

"अ... गो."

आतून मावशी म्हणाल्या, "इलंय, इलंय." तव्यावरची पोळी उलटावी इतक्या सहज. आणि मग भांड्यांचा आवाज थांबला. त्या स्वयंपाकघराच्या दारात आल्या आणि तिथेच उभ्या राहिल्या, हातात चहाची गाळणी. आपण कोणाला ओ दिली हे त्यांच्या ध्यानात येत होतं, ते त्यांच्या चेहऱ्यावर मला दिसत होतं. मला रडू आलं. लपवायचं कारण नव्हतं, कारण माझ्याकडे कोणी बघतच नव्हतं.

"काय म्हटलास?" त्यांनी विचारलं.

काकांच्या कपाळाला आठ्या पडल्या. एवढा जीव काढून हाक मारली आणि बाई नुसती दारात उभी. या वेळी शब्द जरा लवकर आला, आणि त्यात चांगलाच राग होता.

"अगो!"

मावशी पदरात तोंड घालून हसत होत्या की रडत होत्या, कोण जाणे. काकांना पाणी हवं होतं, आणि ते द्यायचं आम्हा दोघींपैकी एकीलाही सुचलं नाही.